अँटिबायोटिकनंतर उठलेलं पुरळ आणि कोंड्याचा शाम्पू : भांडुपमधलं एक प्रकरण

पार्श्वभूमी

सुहास, वय २२. नाव आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. लिहायला त्याची आणि त्याच्या आईची संमती आहे. भांडुपच्या डोंगरावरच्या चाळीत आई आणि धाकट्या भावासोबत राहतो. पवई-कांजूरमार्ग पट्ट्यात बाइकवरून कुरिअर पोचवतो. डोक्यावर हेल्मेट, पाठीवर बॅग, अंगात पॉलिस्टरचा टी-शर्ट आणि पावसाळाभर त्यावर रेनकोट. मधुमेह नाही, दमा नाही, कुठलं कायमचं औषध नाही. डोक्यात कोंडा दहावीपासून. मामाच्या छातीवर दर उन्हाळ्यात शिबं उठतात.

कोंडा आणि मामाची शिबं या दोन गोष्टी मुरुमांच्या तक्रारीत सहसा कोणी विचारत नाही आणि रुग्णही आपणहून सांगत नाही. मुरुमांचा त्यांच्याशी संबंध नसतोच. इथे होता.

तक्रार

ऑक्टोबरमध्ये तो माझ्या दवाखान्यात आला तेव्हा आईच आधी बोलली. “मॅडम, याला पिंपलचं कुठलंच औषध लागू पडत नाही. जुलैपासून गोळ्या खातोय. आधी फक्त तोंडावर होते, आता पाठ भरून आलीय.”

कपाळावर केसांच्या रेषेला लागून, कानशिलांवर, खांद्यांवर, पाठीच्या वरच्या भागात आणि छातीच्या मध्यावर पुरळ होतं. एक-दोन मिलिमीटरच्या लालसर पुटकुळ्या, काहींच्या टोकाला पांढरा पू. सगळ्या एका मापाच्या, एकाच वयाच्या. खऱ्या मुरुमांत असं दिसत नाही. तिथे एकाच चेहऱ्यावर काळे ठिपके, बंद पांढरे दाणे, लाल फोड, एखादी दुखरी गाठ आणि जुने डाग असा सगळा संसार असतो. सुहासच्या पाठीवर एकही काळा ठिपका नव्हता.

मी विचारलं, “खाजतं का?”

“घाम आला की मरणाची. सिग्नलला थांबलो की पाठ बॅगेवर घासतो.”

मुरुम दुखतात, ठणकतात, कधी हुळहुळतात. पण माणूस सिग्नलवर पाठ घासत नाही. आधीच्या तीन महिन्यांत हा प्रश्न त्याला कोणी विचारला नव्हता.

आधी काय काय झालं होतं

जूनमध्ये कपाळावर आणि हनुवटीवर थोडे मुरुम आले. जुलैत जवळच्या एका डॉक्टरांनी डॉक्सीसायक्लिन १०० मिलिग्रॅम रोज एक आणि सोबत “पोटाची गोळी” म्हणून पँटोप्राझोल दिली. डॉक्सीसायक्लिन मुरुमांवरचं रास्त औषध आहे, त्यात चूक काही नाही. पण ते एकटं देऊ नये. सोबत बेन्झॉइल पेरॉक्साइडसारखं लावायचं औषध हवं आणि साधारण तीन महिन्यांत गोळी थांबवायची असते. सुहासला लावायला काही दिलं नव्हतं. कधी थांबायचं तेही सांगितलं नव्हतं. त्याने पहिल्याच चिठ्ठीवर गोळ्या पुन्हा पुन्हा आणल्या.

पहिले तीन आठवडे चेहरा सुधारला. ऑगस्टमध्ये कपाळावर बारीक पुरळ उठलं आणि पाहता पाहता खांद्यांवर, पाठीवर उतरलं. घरच्यांना वाटलं घामोळं. आईने पावडर लावली, मग रात्री खोबरेल. गणपतीच्या आसपास औषधाच्या दुकानातून एक ट्यूब आली. ती त्याने मला दाखवली तेव्हा तिची शेपटी गुंडाळत अगदी टोपणापर्यंत आली होती. मागच्या बारीक अक्षरांत क्लोबेटासॉल हे स्टेरॉइड, एक अँटिबायोटिक आणि एक बुरशीविरोधी औषध अशी तिन्ही नावं होती. चार दिवसांत खाज पळाली, म्हणून तो लावतच राहिला. तिसऱ्या आठवड्यात पुरळ दुप्पट झालं.

मार्च २०१८ मध्ये केंद्र सरकारने स्टेरॉइड असलेली १४ मलमं शेड्यूल एचमध्ये आणली, म्हणजे ती चिठ्ठीशिवाय विकता येत नाहीत. सुहासला ती ट्यूब मिळायला दुकानदाराला “खाज येते” एवढं सांगणं पुरलं.

सप्टेंबरच्या शेवटी फार्मसी शिकणाऱ्या मावसबहिणीने मोबाइलवर काहीतरी पाहून सांगितलं, “दादा, हे फंगल असणार. कोंड्याचा शाम्पू लाव अंगाला.” वर पाव बंद करायला सांगितलं, कारण पावात यीस्ट असतं. वडापाववर दुपार काढणाऱ्या मुलाने दहा-बारा दिवस पाव सोडला. बिचाऱ्याचा तो उपास फुकट गेला. पाव फुगवणारं यीस्ट वेगळं, त्वचेवरचं वेगळं, आणि खाल्लेल्या पावातून ते पाठीवर येत नाही. शाम्पूबद्दल मात्र बहिणीचा अंदाज बरोबर होता.

संशय कशाचा

आपल्या सगळ्यांच्या त्वचेवर मॅलासेझिया नावाचं यीस्ट, म्हणजे एक सूक्ष्म बुरशी, राहतं. ते तेलावर जगतं, म्हणून जिथे तेलग्रंथी जास्त तिथे त्याची वस्ती दाट. डोक्यात ते कोंड्याला हातभार लावतं, छाती-पाठीवर शिबं उठवतं आणि केसांच्या मुळाशी शिरून वाढलं की अशा पुटकुळ्या येतात. त्वचेवरच्या जिवाणूंशी त्याची जागेसाठी ओढाताण चालू असते. अँटिबायोटिकने जिवाणू हटले की याला मैदान मोकळं. टेट्रासायक्लिन गटातल्या गोळ्या घेताना उठणाऱ्या अशा पुरळाचं वर्णन १९६९ पासून वैद्यकीय साहित्यात आहे आणि डॉक्सीसायक्लिन त्याच गटातली.

त्यात रेनकोटखालचा घाम, त्यात स्टेरॉइड, त्यात तेल. या यीस्टला ११ ते २४ कार्बनच्या साखळीची स्निग्धाम्लं लागतात. खोबरेल तेलात सर्वात जास्त असतं ते लॉरिक आम्ल, म्हणजे १२ कार्बनचं. प्रयोगशाळेतसुद्धा हे यीस्ट वाढवायला माध्यमावर ऑलिव्ह तेल घालतात. आईला एवढंच सांगितलं की तेल डोक्याला लावा, पाठीला नको, आणि रात्री लावून त्याच उशीवर झोपवू नका.

तरीही पर्याय उघडे होते. स्टेरॉइडनेही असंच एकसारखं पुरळ उठतं. अँटिबायोटिक लांबलं की काहींना वेगळ्याच जिवाणूंचे पूफोड येतात. बॅगेच्या पट्ट्यांखाली घर्षणाचे मुरुम येतात, पण ते पट्ट्यांच्या रेषेत असतात. सुहासचं पुरळ पट्ट्या सोडूनही पसरलं होतं.

पहिला निर्णय : तपासायचं की थेट शाम्पू द्यायचा?

शाम्पू देऊन बघण्यात वरवर तोटा काहीच नाही. स्वस्त आहे, त्रास क्वचित होतो. बरेच डॉक्टर तेच करतात आणि गर्दीच्या ओपीडीत ते समजण्यासारखं आहे. मी तपासणी केली ती दोन कारणांनी. एक, पुढे गोळ्या द्यायची वेळ आली तर हाताशी पुरावा हवा. दोन, शाम्पूने अर्धवट फरक पडला तर “थोडं बरं वाटलं” याचा अर्थ लावणं कठीण जातं. निम्मं मलम बंद केल्याने असेल, निम्मं पाऊस संपल्याने.

अडचण अशी की त्याने आठवडाभर कोंड्याचा शाम्पू अंगाला लावलेला होता. बुरशीविरोधी औषध लावल्यावर घेतलेला नमुना बुरशी असूनही निर्दोष येऊ शकतो. आठवडाभर सगळं थांबवून मग नमुना घेणं हा मार्ग होता, पण तेवढ्यासाठी त्याचा आणखी एक खाडा पडला असता. खांद्यावर दोन ताज्या, न फोडलेल्या पुटकुळ्या दिसल्या म्हणून त्याच दिवशी घेतला. पात्याच्या टोकाने पुटकुळी उघडली आणि आतला ऐवज काचपट्टीवर घेतला. वरची त्वचा खरवडून चालत नाही, कारण तिथे हे यीस्ट निरोगी माणसातही सापडतं. त्यावर पोटॅशियम हायड्रॉक्साइडचा थेंब टाकला. त्याने त्वचेचे तुकडे विरघळतात आणि बुरशी तेवढी राहते. सूक्ष्मदर्शकाखाली गोल पेशींचे पुंजके दिसले, कित्येकांना बारीक कोंब फुटलेले. वुड्स दिव्यात, म्हणजे त्वचा तपासायच्या अतिनील प्रकाशात, पाठीवर कुठे कुठे पिवळट-हिरवी चमक वाटली, पण मलम आणि शाम्पूनंतर तिच्यावर मी भर दिला नाही.

दुसरी तपासणी त्याच्या मोबाइलमध्ये होती. जूनमधल्या भावाच्या वाढदिवसाचा फोटो मोठा करून पाहिला. नाकाच्या बाजूला काळे ठिपके, हनुवटीवर लहानमोठे फोड, कपाळ जवळजवळ साफ. ऑगस्टअखेरच्या सेल्फीत हनुवटी बरी आणि केसांच्या रेषेत एकसारखं पुरळ. म्हणजे आजार दोन होते, एकामागून एक आलेले, आणि पहिल्याच्या औषधाने दुसऱ्याला वाट करून दिली होती. आई ज्याला “वाढलेले पिंपल” म्हणत होती ते वाढलेलं नव्हतं, नवं होतं. शाम्पूने काय बरं होईल आणि काय होणार नाही, हे या दोन फोटोंवरूनच त्या दोघांना आधी सांगता आलं.

दुसरा निर्णय : शाम्पू, गोळ्या की दोन्ही?

डॉक्सीसायक्लिन आणि ती ट्यूब त्याच दिवशी बंद. मलम सोडल्यावर काही दिवस त्वचा लाल होईल, चुरचुरेल, कदाचित पुरळ वाढल्यासारखं वाटेल, हे आधीच बजावलं. नाहीतर माणूस पाचव्या दिवशी पुन्हा ट्यूब आणतो.

पोटातून घ्यायच्या इट्राकोनॅझोल या बुरशीविरोधी औषधाचा गुण लवकर येतो, कारण औषध केसाच्या मुळापर्यंत पोचतं. शाम्पू बराचसा वरच काम करतो. पण इट्राकोनॅझोलची कॅप्सूल पोटभर जेवणावर घ्यावी लागते आणि पोटात आम्ल असेल तरच शोषली जाते. सुहास आम्ल कमी करणारं पँटोप्राझोल घेत होता आणि दुपारचं जेवण असं त्याचं नव्हतंच. यकृताचे, हृदयाचे आजार असलेल्यांना आणि काही औषधं चालू असलेल्यांना ती देताना फार जपावं लागतं. त्याचं तसं काही नव्हतं, तरी मी पहिल्या दिवशी ती टाळली. मूळ कारणं हटवायची बाकी असताना त्यांच्या डोक्यावर गोळी कशाला, हा एक विचार. दुसरा असा की नायट्यासाठी आपल्याकडे हे औषध इतकं वापरलं जातं की शक्य तिथे हात आखडता घ्यावा.

आईने विचारलं, दुकानदार कोंड्याच्या शाम्पूत असतं त्या केटोकोनॅझोलची गोळीही देतो म्हणाला, ती चालेल का? नाही. यकृताला होणाऱ्या इजेमुळे २०१३ मध्ये युरोपीय औषध नियामकाने ती गोळी बुरशीसाठी वापरणं थांबवायची शिफारस केली. शाम्पूमधलं तेच औषध रक्तात जवळजवळ उतरत नाही, म्हणून तिथे ती भीती नाही. नायट्याला देतात त्या टर्बिनाफिनच्या गोळीचाही इथे उपयोग नाही.

ठरलं ते असं : २ टक्के केटोकोनॅझोलचा शाम्पू, पहिले पाच दिवस रोज, नंतर आठवड्यातून तीनदा. डोकं, कपाळाची कड, मान, खांदे, पाठ, छाती. फेस करून पाच मिनिटं ठेवायचा आणि धुवायचा. शाम्पूच्या वेष्टनावर कोंडा आणि शिबं लिहिलेली असतात, हे पुरळ नाही, हेही सांगितलं. दुसरा पर्याय २.५ टक्के सेलेनियम सल्फाइडचा होता. तो तितकाच चालला असता, पण वास उग्र, आणि त्याने चांदी काळी पडते. गळ्यातली साखळी सुहास काढायला तयार नव्हता.

दोन आठवड्यांनी

खाज निम्म्याने कमी, पुरळ तसंच. “शाम्पू लागू पडला नाही,” आई म्हणाली.

कसा लावतोस ते करून दाखव म्हटलं. त्याने हातावर हात चोळला आणि लगेच तांब्या ओतल्याची खूण केली. पाच मिनिटं कुठे गेली? चाळीत पाणी पहाटे थोडाच वेळ येतं, त्यात भरायचं, त्यातच दोघा भावांच्या आंघोळी, आणि मोरीबाहेर धाकटा कॉलेजची घाई करत उभा. पाच मिनिटं ओल्या अंगाने कोण उभं राहू देणार? शिवाय पाठीच्या मधोमध हात पोचत नव्हता. पुरळ नेमकं तिथेच जास्त होतं.

इथे गोळी लिहून देणं सोपं होतं. पण औषध हरलेलं नव्हतं, ते त्वचेवर थांबलंच नव्हतं. आंघोळीआधीच, ओल्या टॉवेलने अंग पुसून शाम्पू लावायचा, पाठीला आईने लावायचा, मग भाऊ आंघोळ उरकेपर्यंत थांबायचं आणि नंतर आपली आंघोळ. पाणीही वाढलं नाही आणि वेळही मिळाला. रेनकोटखाली सुती बनियन घालायचं, घरी आल्या आल्या ओले कपडे काढायचे. आईने त्याचा टॉवेल, साबण वेगळा केला होता, तो पुन्हा एकत्र झाला. हे यीस्ट सगळ्यांच्याच अंगावर असतं, त्याच्याकडून भावाला लागण्यासारखं काही नव्हतं.

आणखी दोन आठवड्यांत छाती आणि कपाळावरचं पुरळ बसलं. खांदे आणि पाठीचा वरचा भाग चिवट निघाला. तेव्हा मात्र इट्राकोनॅझोल दिलं : रोज २०० मिलिग्रॅम, रात्रीच्या जेवणानंतर, दोन आठवडे. यकृताचा काही आजार, दारू, इतर औषधं हे पुन्हा विचारून घेतलं. पँटोप्राझोल तोवर बंद झालेलं होतं. मुळात ते डॉक्सीसायक्लिनच्या सोबतीला आलेलं.

निष्पन्न

नोव्हेंबरअखेर पाठीवर पुटकुळी नव्हती. तपकिरी डाग होते, ते पुढे काही महिन्यांत फिके झाले. हनुवटीवर आणि नाकाच्या बाजूला मात्र काळे ठिपके आणि चार-दोन फोड परत आले. आई पुन्हा धास्तावली, पण हे जूनचेच मुरुम होते, शाम्पूच्या हातातले नव्हतेच. त्यांना रात्री अ‍ॅडापलीन ०.१ टक्के आणि सकाळी बेन्झॉइल पेरॉक्साइड २.५ टक्के लावायला दिलं. अँटिबायोटिक पुन्हा सुरू केलं नाही.

शाम्पू आठवड्यातून एकदा चालू ठेवायला सांगितलं होतं. फेब्रुवारीत बरं वाटतंय म्हणून सुटला, मे महिन्यात खांद्यावर पुरळ परत आलं. हा आजार उलटतोच. यावेळी त्याने ट्यूब आणली नाही, आठवड्यातून तीनदा शाम्पू सुरू केला आणि फोटो पाठवला. गोळी लागली नाही.

वेगळं काय करता आलं असतं

सर्वात स्वस्त संधी ऑगस्टमध्ये होती. अँटिबायोटिक चालू असताना नवं, खाजरं, एकसारखं पुरळ उठलं तर त्याच डॉक्टरांकडे परत जाऊन शर्ट काढून दाखवायला हवं होतं. सुहास गेला नाही, कारण चिठ्ठी संपलेली नव्हती आणि एक खाडा म्हणजे दिवसाची कमाई. रुग्ण हलगर्जी असतात असं मला यातून म्हणावंसं वाटत नाही. गोळी देतानाच “तीन आठवड्यांनी ये, आणि खाज सुटली तर आधीच ये” एवढं चिठ्ठीवर लिहिलेलं असतं तर तो आला असता.

बहिणीने शाम्पू सुचवला त्याच दिवशी अँटिबायोटिक आणि मलम थांबलं असतं तर कदाचित तो तेवढ्यावर बरा झाला असता. एकीकडे शाम्पू आणि दुसरीकडे क्लोबेटासॉल, असा त्याचा आठवडा गेला. पुरळ फंगल असेल असं वाटून घरीच शाम्पू लावून बघणाऱ्याने निदान इतकं पाहावं : खाज आहे का, पुटकुळ्या एकसारख्या आहेत का, काळे ठिपके नाहीत ना, अलीकडे अँटिबायोटिक किंवा स्टेरॉइड झालंय का. खाज नाही आणि ठिपके आहेत, तर शाम्पू चेहरा कोरडा करेल, बाकी काही नाही. गाठी, ताप, दुखणारे मोठे फोड असतील तर शाम्पूत वेळ घालवू नये.

गोळी पहिल्याच दिवशी द्यायला हवी होती का, यावर माझ्या एका सहकाऱ्याचं मत वेगळं आहे. नमुन्यात यीस्ट दिसलं होतं, पाठ मोठी होती, आणि पोटातल्या औषधाने महिना वाचला असता, असं तो म्हणतो. जेवण वेळेवर आणि पँटोप्राझोल नसतं तर मीही कदाचित तेच केलं असतं. शाम्पू लावून दाखवायला मात्र आता पहिल्याच भेटीत सांगते, पाठीला कोण लावणार आणि पाणी कधी येतं हेही तेव्हाच विचारते.